एका नावावर दोन नायगार्ड

आर्डिस मोएनने आमच्या गावातल्या जवळजवळ प्रत्येकाला जेवू घातलेलं आहे. मिनेसोटाच्या उत्तर टोकाला, तळ्याकाठी वसलेलं आमचं छोटंसं गाव. इथल्या शाळेच्या स्वयंपाकघरात तिने कित्येक वर्षं काढली. कोण वाटाणे खिशात लपवतो, कोण शेजारच्याच्या ताटातला केक पळवतो, सगळं तिला पाठ. आज टक्कल पडलेला बँकेचा मॅनेजर जरी समोर आला तरी ती विचारते, "काय रे, गाजरं खातोस ना आता?" आणि तोही खाली मान घालून "हो" म्हणतो.

मग शाळेने ते स्वयंपाकघर बंद केलं. जेवण बाहेरून, पाकिटातून यायला लागलं. आर्डिसने तेव्हा पंचावन्न वर्षं ओलांडली होती. नवरा लवकर गेलेला, मुलगी लांब ओरेगॉनला. आम्हाला वाटलं, आता ही चर्चच्या बायकांत बसून गोधड्या शिवेल. पण तिने कॉलेजात नाव घातलं. मेडिकल कोडिंग शिकायला.

"म्हणजे काय करायचं असतं गं?" मी विचारलं. मी तेव्हाही गावच्या दवाखान्याच्या लॅबमध्येच होते, पण कागदपत्रांच्या वाटेला कधी गेले नव्हते.

"सोपं आहे, मार्गिट," ती म्हणाली. "दवाखान्यात माणसाचं जे जे काही करतात, त्या प्रत्येकाला एक आकडा असतो. नाकात काडी घातली, आकडा. बोटाला टाका घातला, आकडा. तो बरोबर लिहायचा. चुकला की विमा कंपनी हात वर करते."

पहिल्या परीक्षेत ती नापास झाली. घरी येऊन माझ्यासमोर धाडकन बसली आणि म्हणाली, "अगं, प्रश्नात लिहिलं होतं, सत्तर वर्षांच्या बाईच्या नाकात मणी अडकला, तो काढला, कोड लिहा. सत्तर वर्षांच्या! मी विचारच करत बसले, बाईने तो मणी नाकात घातलाच का? घरात नातवंडं असतील का? तेवढ्यात वेळ संपला."

दुसऱ्यांदा मात्र पास झाली. "या वेळी कोणाची म्हणून चौकशी केली नाही," असं तिने मला अभिमानाने सांगितलं. आणि त्याच हिवाळ्यात ती आमच्या दवाखान्यात लागली, माझ्या शेजारच्या खोलीत. मधल्या भिंतीला एक छोटी खिडकी होती. मी इकडे नमुने तपासायचे, ती तिकडे आकडे घालायची, आणि खिडकीतून आमच्या कॉफीची नि गप्पांची देवघेव चालायची.

हिवाळा म्हणजे आमच्याकडे तापसर्दीचा सुगीचा काळ. निम्मं गाव खोकत लॅबच्या दारात. त्यात फ्लूची एक साधी, झटपट निकाल देणारी चाचणी असते. एकाच काडीवर ए जातीचा विषाणू आहे का तेही कळतं आणि बी जातीचा आहे का तेही. म्हणजे चाचण्या दोन, पण कोड दोन्हींना एकच, ८७८०४. तो एकदा लिहायचा, मग पुन्हा तोच लिहायचा आणि दुसऱ्यापुढे ५९ चं शेपूट लावायचं. शेपटाचा अर्थ असा, की बाबा रे, हे चुकून दोनदा लिहिलेलं नाही, ही खरोखरच वेगळी चाचणी आहे.

आर्डिसला हा प्रकार फार आवडायचा. "बिचारा दुसरा," ती म्हणायची. "स्वतःचं नावच नाही त्याला. शेपूट लावल्याशिवाय कोणी विश्वास ठेवत नाही."

जानेवारीत एका सकाळी नायगार्ड बंधू आले. लेलँड आणि लॉइड. जुळे, अविवाहित, साठी नुकतीच ओलांडलेले. तळ्याच्या रस्त्यावर त्यांचं गळ, दोर, गांडुळं आणि गळाला लावायचे जिवंत छोटे मासे विकायचं दुकान आहे. दोघांच्या अंगात लाल-काळ्या चौकड्यांचे शर्ट, दोघांच्या डोक्यावर कान झाकणाऱ्या टोप्या, दोघांची नाकं सारखीच लाल. त्यांना ओळखायची गावाची खूण एकच होती. बोलतो तो लेलँड, गप्प बसतो तो लॉइड.

"मार्गिट, ही काडी मेंदूपर्यंत घालणार आहेस का?" लेलँड म्हणाला. "घालायचीच तर जपून घाल. तिथे सामान कमी आहे."

लॉइडने मुकाट्याने नाक पुढे केलं.

निकाल असा आला की लेलँडला ए जातीचा फ्लू, आणि लॉइडला काहीच नाही, नुसती सर्दी. मी कागद खिडकीतून आर्डिसकडे सरकवले. तिने लेलँडचे दोन कोड घातले, एक बिनशेपटाचा, एक शेपटाचा. मग लॉइडचेही तसेच घातले आणि पाठवून दिले.

काही दिवसांनी लॉइडचे दोन्ही परत आले. शेरा होता, "हे आधीच आलेले आहे. दुहेरी दावा."

"दुहेरी कसा?" आर्डिस खिडकीतून डोकावली. "हा लॉइडचा आहे. तो लेलँडचा होता."

तिने पुन्हा पाठवला. पुन्हा परत. तेवढ्यात लॉइडला भावाकडून खरोखरच फ्लू लागला. तो पुन्हा आला, पुन्हा काडी, आणि या वेळी ए जातीचा निघाला. तो दावाही परत आला. आता शेरा लांबलचक होता. या रुग्णाचा एकाच दिवशी फ्लू आहे असाही निकाल आहे आणि फ्लू नाही असाही आहे, नंतर तो पुन्हा झालेला आहे, तरी दवाखान्याने खुलासा करावा.

आर्डिसने फोन उचलला. विमा कंपनी दूर दक्षिणेत कुठेतरी. आधी यंत्राशी बोलणं झालं, मग गाणं ऐकणं झालं, मग एक मुलगी आली.

"बाई, आमच्याकडे एकच एल. ए. नायगार्ड आहेत," मुलगी म्हणाली. "जन्मतारीख तीच, पत्ता तोच."

"तुमच्याकडे एक असेल, पोरी. आमच्याकडे दोन आहेत. जुळे आहेत ते. एक लेलँड, दुसरा लॉइड."

"मधलं नाव?"

आर्डिसने डोळे मिटले. "लेलँड आर्विड," ती म्हणाली. "आणि... लॉइड आर्विड."

"दोघंही आर्विड?" मुलगी म्हणाली.

"आजोबांचं नाव," आर्डिस घाईघाईने म्हणाली. "त्यांच्या आईला कोणाला द्यावं ते ठरवता येईना, म्हणून तिने दोघांनाही दिलं."

"बाई," मुलगी समजुतीच्या सुरात म्हणाली, "नोंदीच्या सफाईत यंत्राने दोन सारख्या नोंदी एक केलेल्या दिसतात. ते बहुतेक वेळा बरोबरच असतं."

फोन ठेवल्यावर आर्डिस बराच वेळ पेन टेबलावर आपटत होती. "सफाई म्हणे! माणूस काय कोळिष्टक आहे?"

इथपर्यंत हे सगळं आम्हाला हसण्यावारीच नेण्यासारखं होतं. लेलँडने तर गावभर सांगत सुटायला सुरुवात केली होती, की कंपनीच्या हिशेबात आम्ही दोघं मिळून एकच खोकतो. पण पुढच्या आठवड्यात लॉइड एकटाच दवाखान्यात आला. हातात पाकीट. तो आर्डिसच्या खोलीत गेला आणि त्याने ते टेबलावर ठेवलं.

लॉइडच्या उजव्या डोळ्यात मोतीबिंदू होता. चांगला पिकलेला. जवळच्या मोठ्या गावी ऑपरेशनची तारीख ठरत आली होती, आणि कंपनीने कळवलं होतं की या डोळ्याचं ऑपरेशन गेल्याच वर्षी झालेलं आहे, पुन्हा होणार नाही.

"ते लेलँडचं झालं होतं," लॉइड म्हणाला.

"मला माहीत आहे."

"डावा बरा आहे माझा. तसं भागतं."

"भागतं कसलं? परवा तू मला गांडुळांच्या ऐवजी बटणांचा डबा दिलास."

लॉइड हसला. मग टोपी हातात फिरवत तो बोलायला लागला. मी खिडकीच्या अलीकडे होते, आणि खरं सांगते, लॉइडला सलग तीन वाक्यं बोलताना मी आयुष्यात प्रथमच ऐकत होते.

"लहानपणी लेलँडला गोवर आला," तो म्हणाला. "आईने मला अंधाऱ्या खोलीत झोपवलं. मी ओरडतोय, मी लॉइड आहे, मला काही झालेलं नाही. ती म्हणते, तापात बडबडतोय. लेलँड बाहेर घसरगाडी खेळत होता, अंगावर पुरळ घेऊन."

"मग?"

"मग मला खरा गोवर आला. तर मला शाळेत पाठवलं. म्हणाली, तुझा होऊन गेलाय."

आर्डिसला हसू आवरेना. लॉइडही हसत होता. पण हसता हसताच तो म्हणाला, "सोडून दे गं, आर्डिस. मला सवय आहे," आणि तिचं हसू एकदम थांबलं.

"मला नाही," ती म्हणाली. "शाळेत दोनशे पोरं जेवायची. मी कधी ताटं मोजली नाहीत. नाव घेऊन वाढायचे. एक पोरगं उपाशी राहिलं तर त्याच्या भावाचं पोट भरलंय म्हणून मी गप्प बसले असते का? बस तिथे. कॉफी घे."

आणि तिने पुन्हा फोन उचलला.

पुढचे काही दिवस आमच्या लॅबला विमा कंपनीच्या गाण्याची सवय झाली. मी नमुने तपासताना तेच गुणगुणायला लागले. एकाने तिला दुसऱ्याकडे दिलं, दुसऱ्याने तिसऱ्याकडे. आर्डिस चिडायची, पण आवाज चढवायची नाही. प्रत्येकाला त्याचं नाव विचारायची, गाव विचारायची, जेवण झालं का विचारायची. शेवटी तिच्या या चौकशांनीच काम केलं. एका पोराने सांगितलं, "आर्डिसबाई, माझ्या हातात काही नाही, पण मी तुम्हाला रोवेना प्रुइटबाईंकडे देतो. त्या नोंदी वेगळ्या करू शकतात. त्या ऐकून घेतात."

रोवेना प्रुइट यांचा आवाज जाड आणि आरामशीर होता. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. गोवराची गोष्टसुद्धा.

"मला दोघंही एका वेळी दिसले पाहिजेत," त्या म्हणाल्या. "कॅमेऱ्यावर. दोघांची ओळखपत्रं हातात. चालेल?"

"चालेल काय, पळेल," आर्डिस म्हणाली.

ठरलेल्या दिवशी दोघं बंधू आर्डिसच्या खोलीत आले, आणि आर्डिसने कपाळावर हात मारला. दोघांनीही तेच लाल-काळे शर्ट घातले होते.

"अरे, निदान आज तरी!"

"हा माझा चांगला शर्ट आहे," लेलँड म्हणाला.

"माझाही," लॉइड म्हणाला.

कॉम्प्युटरवर प्रुइटबाई आल्या. गोल चेहरा, मोठा चष्मा, मागे भिंतीवर मांजरांचं कॅलेंडर. आता अडचण अशी, की आमच्या कॉम्प्युटरचा कॅमेरा जुना आणि अरुंद. त्यात एकच नायगार्ड मावत होता. लेलँड दिसला की लॉइडचा कान तेवढा दिसायचा. लॉइडला ओढला की लेलँड अर्धा गायब.

"मला एकच गृहस्थ हलताना दिसतायत," प्रुइटबाई म्हणाल्या.

आर्डिस दोघांच्या मागे गेली आणि तिने दोघांची डोकी धरून गालाला गाल लावले. शाळेच्या स्वयंपाकघरात मोठमोठी पातेली उचललेले हात ते, दोघांचं काही चाललं नाही. दोन लाल चेहरे पडद्यावर एकदाचे शेजारी आले. हे दोघं आईच्या पोटातून बाहेर पडल्यापासून इतके जवळ बसले नसावेत.

"अरे वा," प्रुइटबाई म्हणाल्या. "पण हे आमच्या तपासनिसाला दाखवलं तर तो म्हणेल आरसा आहे. दोघांनी जरा काहीतरी बोला. वेगवेगळं."

एवढंच हवं होतं. लेलँडने सुरुवात केली. तळ्यावरचा बर्फ यंदा किती जाड आहे, कुठे भोक पाडलं की मासा लागतो, कुठे लागत नाही, परवा दुकानात आलेला शहरी माणूस बर्फावर बूट विसरून कसा गेला. ओळखपत्र हातात नाचवत तो बोलतच सुटला. प्रुइटबाई दोनदा "ठीक आहे" म्हणाल्या. आर्डिसने त्याला चिमटा काढला. पण लेलँड थांबेना.

"मला दुसऱ्या गृहस्थांचा आवाज ऐकायचा होता," प्रुइटबाई म्हणाल्या.

"तो काय सांगणार?" लेलँड म्हणाला. "मीच सांगतो ना. लॉइडचं म्हणणं असं आहे की..."

"लेलँड," लॉइड म्हणाला, "गप्प बस."

लेलँडचं तोंड उघडं ते उघडंच. लॉइडचे कान लाल झाले होते, पण तो मागे हटला नाही. त्याने ओळखपत्र नीट कॅमेऱ्यासमोर धरलं.

"मी लॉइड आर्विड नायगार्ड," तो म्हणाला. "मला त्या दिवशी फ्लू नव्हता. नंतर झाला. याच्याकडून. आणि माझा उजवा डोळा जन्मापासून कोणी कापलेला नाही."

प्रुइटबाईंनी चष्मा काढला, डोळे पुसले आणि हसत हसत म्हणाल्या, "पटलं. एकट्या माणसाला हे जमणार नाही. आजच्या आज वेगळे करते दोघांना."

आर्डिसने दोघांची डोकी सोडली. लेलँड दवाखान्यातून बाहेर पडेपर्यंत एक अक्षर बोलला नाही. दारात मला म्हणाला, "ऐकलंस ना, मार्गिट? मला म्हणाला, गप्प बस." मला वाटलं, रागावलाय. पण त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. लहान पोराला अचानक काही नवं खेळणं दिसावं, तसा तो भावाच्या पाठीकडे बघत होता.

आर्डिसने लॉइडचे जुने दावे पुन्हा पाठवले. ८७८०४, आणि ८७८०४ शेपटासह. सगळे मंजूर झाले. ऑपरेशनचीही परवानगी आली. लॉइडला कळवायला ती स्वतः दुकानात गेली, सोबत घरी केलेली लेफ्सा, बटाट्याची पातळ पोळी, लोणी-साखर लावून. जाताना मला म्हणाली, "फोनवर कळवण्यासारखी बातमी नाही ही."

आता सगळं सुरळीत झालं असं आम्ही म्हणत होतो, तोच लेलँड धावत आला. अंगात कोट नाही, हातात पत्र.

"आर्डिस! आता मी गेलो!"

"कुठे?"

"नाहीसा झालो! हे वाच. म्हणतात, माझ्या डोळ्याचं ऑपरेशन कधी झालंच नाही, आणि मला गेली काही वर्षं कुठला आजारच नाही. सगळं त्याच्या नावावर गेलंय. माझं काढलेलं पित्ताशयसुद्धा!"

आर्डिसने पत्र वाचलं. नोंदी वेगळ्या करताना यंत्राने सगळा जुना इतिहास उचलून लॉइडच्या पदरात टाकला होता. लेलँड आता कागदोपत्री गावातला सर्वांत निरोगी माणूस होता.

"बरं आहे की," आर्डिस म्हणाली. "पित्ताशय परत मिळालं तुला."

"चेष्टा करू नकोस गं. मी आहे ना इथे? दिसतोय ना?"

"दिसतोयस, आणि ऐकूही येतोयस. बस. कॉफी घे. होईल."

तेही झालं. प्रुइटबाईंना एक फोन पुरला. पण तोवरचे काही दिवस लेलँड भावाशी फार आदराने वागायचा. गिऱ्हाईक आलं की म्हणायचा, "लॉइडला विचारा, सध्या सगळं त्याच्याच नावावर आहे." आणि लोक विचारायचेही. मग लॉइडला उत्तर द्यावं लागायचं. तो हळूहळू, शब्द जपून वापरत सांगायचा, कुठे मासा लागतोय ते. आणि तिथे खरंच मासा लागायचा, असं लोक म्हणतात. लेलँडच्या जागी कधी लागत नसे.

मार्चमध्ये लॉइडच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. पट्टी काढल्यावर तो दुकानात आला, चारी भिंतींकडे बघितलं आणि म्हणाला, "लेलँड, आपण किती घाणेरडे राहतो रे." दोन दिवस दुकान बंद ठेवून दोघांनी साफसफाई केली. तिसऱ्या दिवशी तो दवाखान्यात आला आणि आर्डिसच्या टेबलासमोर उभा राहून तिच्याकडे बघत राहिला.

"काय बघतोस?"

"तुझे डोळे निळे आहेत," तो म्हणाला. "मला वाटायचं, करडे."

मी खिडकी हळूच लावून घेतली. कामं होती मला.

लॉइडने कधी गाडी चालवलेली नव्हती. चालवायचा लेलँड, हा नेहमी शेजारी. डोळा बरा झाल्यावर त्याला वाटलं, आपणही शिकावं. शिकवायची तयारी आर्डिसने दाखवली. बर्फ वितळल्यावर रोज संध्याकाळी चर्चच्या मोकळ्या आवारात तिचा जुना पिकअप ट्रक गोल गोल फिरताना दिसायचा. आत लॉइड ताठ बसलेला, आर्डिस शेजारी, आणि काठावर घडीच्या खुर्चीत लेलँड, मोठमोठ्याने सूचना देत. एकदा पास्टरची टपालपेटी आडवी झाली. पास्टर बाहेर येऊन म्हणाले, हरकत नाही, तसंही तिच्यात जाहिरातीच येतात. लॉइडने दुसऱ्या दिवशी नवी पेटी करून आणून लावली, आधीपेक्षा चांगली, वर लाकडी मासा बसवून.

जूनमध्ये त्याला परवाना मिळाला. पहिल्याच शनिवारी तो आर्डिसला घेऊन डुलुथच्या बंदरावर गेला, मोठ्या तळ्यात जहाजं येतात ती बघायला. लेलँडला बरोबर घेतलं नाही. दुकान कोणीतरी सांभाळायला हवं, असं त्याला सांगण्यात आलं.

सोमवारी आर्डिस कामावर आली तेव्हा नाक उन्हाने सोललेलं होतं.

"कशी झाली सहल?" मी विचारलं.

"छान. जहाज फार मोठं होतं. मासा खाल्ला, आईस्क्रीम खाल्लं." तिने पिशवी ठेवली, कोडांचं जाड पुस्तक पुढे ओढलं. "पण जाताना आणि येताना रस्त्यावरची एकेक पाटी मोठ्याने वाचली गं त्याने. पेट्रोल, सफरचंदं, हरणं रस्ता ओलांडतात, शेतघर विकणे आहे. एक सोडली नाही."

"मग कंटाळलीस?"

"छे," ती म्हणाली. "पुढच्या शनिवारी दुसऱ्या रस्त्याने जायचं ठरलंय."